अठरा वर्षं, वीस दिवस

हेडफोन लावलेत ना? लोकलमध्ये असाल तर आवाज थोडा वाढवा, बाइकवर असाल तर आधी बाइक बाजूला घ्या. आजचा भाग भुतांचा आहे. पण घाबरवायचा विचार नाही. मी स्वतः भुताला घाबरायला गेलो होतो आणि तारखांमध्ये अडकून परत आलो, त्याची ही गोष्ट.

झालं असं, की ऑफिसच्या ग्रुपवर कुणीतरी एक पोस्टर टाकलं. शनिवारी संध्याकाळी पुण्यात 'घोस्ट वॉक'. आधी शनिवारवाड्याभोवती दीड तास भुताखेतांच्या गोष्टी, मग कॅम्पात जाऊन तीन पब. तिकिटात पहिली बिअर फुकट. ऑफिसातल्या बाकीच्यांनी ऐनवेळी टांग दिली. माझ्याबरोबर आला तो माझा धाकटा मामेभाऊ, इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षाला असलेला. नुकताच अठराचा झालाय, त्यामुळे जगातलं सगळं आता आपल्याला चालतं असं त्याचं मत.

सांगवीहून दापोडीला आलो, मेट्रो धरली आणि कसबा पेठेला उतरलो. दिल्ली दरवाज्यासमोर वीसेक जण जमले होते. बहुतेक सगळे आयटीवाले, अर्धे पुण्याबाहेरचे. वाडा तोवर बंद झाला होता. म्हणजे 'घोस्ट वॉक' म्हणजे तटाच्या बाहेरून चक्कर. गाइड आमच्याच वयाचा, आवाज खणखणीत. काळा झब्बा, हातात कंदील, कंदिलात बॅटरीचा दिवा.

चक्कर मारत आम्ही दक्षिणेच्या अंगाला नारायण दरवाज्यापाशी आलो. गाइडनं कंदील विझवला, म्हणजे बटण दाबलं. म्हणाला, "अमावास्येच्या रात्री, बरोबर बारा वाजता..." आणि मग असा काही ओरडला, "काका, मला वाचवा!" की पुढच्या दोन मुली किंचाळल्या आणि मग सगळे हसत सुटले. तीन जणांनी तर त्याला परत ओरडायला लावलं, कारण पहिल्या वेळी रील नीट आलं नव्हतं.

हसलो मीही. खोटं कशाला बोलू? पण आमचा धाकटा हसला नाही. त्यानं विचारलं, "दादा, तो किती वर्षांचा होता रे?"

गाइड पुढे निघून गेला होता. मी मोबाइल काढला.

नारायणराव पेशव्याचा जन्म १० ऑगस्ट १७५५ चा. खून झाला ३० ऑगस्ट १७७३ ला. वजाबाकी तुम्हीच करा. अठरा वर्षं, वीस दिवस.

धाकटा म्हणाला, "म्हणजे माझ्याएवढा."

आणि इथे माझा घोस्ट वॉक संपला. म्हणजे पाय चालत होते, पण डोकं १७७३ मध्ये गेलं ते गेलंच.

थोडं मागं जाऊ. पानिपतानंतर मराठी राज्य सावरलं ते थोरल्या माधवरावानं. १८ नोव्हेंबर १७७२ ला तो थेऊरला क्षयानं गेला. वय सत्तावीस. आपल्याकडे या वयात लोक पहिल्यांदा टीम लीड होतात. त्याच्यामागे पेशवाई आली धाकट्या भावाकडे, सतरा वर्षांच्या नारायणरावाकडे. आणि घरात होता काका, रघुनाथराव, म्हणजे राघोबादादा. उत्तरेत मोहिमा गाजवलेला, पेशवेपद आपल्याला मिळायला हवं होतं असं मनात धरून बसलेला. पुतण्यानं त्याला नजरकैदेत ठेवलं होतं. कुठे? त्याच शनिवारवाड्यात. एका छपराखाली एक सतरा-अठरा वर्षांचा मालक आणि एक चाळिशीला टेकलेला कैदी, दोघे सख्खे काका-पुतणे.

वाड्याच्या पहाऱ्यावर गारदी होते. गारदी म्हणजे कवायती पलटणीतले पगारी शिपाई. त्यांचा म्होरक्या सुमेरसिंग. यांची निष्ठा पगाराशी, आणि पगार थकल्याची ओरड चालू होती. आता तुमच्या लक्षात येईल, की सर्व्हरची चावी ज्याच्याकडे आहे त्याचाच पगार अडकला की काय होतं.

३० ऑगस्ट १७७३, सोमवार. गणपतीचे दिवस. सकाळी नारायणराव पर्वतीला जाऊन आला. गारद्यांमध्ये काहीतरी शिजतंय याची कुणकुण त्याला लागली होती. ग्रँट डफ नावाच्या इंग्रज अधिकाऱ्यानं १८२६ मध्ये मराठ्यांचा इतिहास छापला, त्यात त्यानं लिहिलंय, की नारायणरावानं हरिपंत फडक्यांना बंदोबस्त करायला सांगितलं, आणि हरिपंत आधी एका स्नेह्याकडे जेवायला गेले. मी हे वाचलं तेव्हा माझ्या अंगावर खरा काटा आला. भुतानं नाही आला एवढा. कारण हे मला माहिती आहे. अलर्ट आलेला असतो, बघणाऱ्यानं बघितलेला असतो, आणि तो म्हणतो, जेवून येतो, मग बघू.

दुपारी गारदी तलवारी उपसून वाड्यात घुसले. पगाराचं निमित्त. नारायणराव आपल्या खोलीतून निसटून काकाच्या महालात धावला आणि काकाच्या गळ्यात पडला. राघोबानं वाचवलं नाही. नारायणरावाचा एक सेवक होता, चापाजी टिळेकर. तो धन्याच्या अंगावर पडला, वार आपल्या अंगावर घेतले, आणि दोघंही मारले गेले. अर्ध्या-पाऊण तासात वाड्यात दहा-अकरा माणसं कापली गेली. त्यात कारकून होते, नोकर होते, दोन दासी होत्या. एक गायसुद्धा. त्याच रात्री गुपचूप नारायणरावाचं दहन झालं. प्रेत ज्या दरवाज्यातून बाहेर काढलं, त्याला पुढे लोक नारायण दरवाजा म्हणू लागले, असं सांगतात. आम्ही रील काढत होतो तो हाच दरवाजा.

आता अमावास्येची भानगड बघू. हा माझा इंजिनिअरी किडा, माफ करा. त्या दिवशी तिथी होती भाद्रपद शुद्ध त्रयोदशी. म्हणजे दुसऱ्या दिवशी अनंत चतुर्दशी, आणि त्यानंतर पौर्णिमा. आणि वेळ दुपारची. म्हणजे ना अमावास्या, ना मध्यरात्र. भर दुपारी, गणपतीच्या गजबजाटात, पुण्याच्या मध्यावर हा खून झाला, आणि बाहेर शहर जागं होतं.

मला वाटतं, म्हणूनच आपण त्याला अंधारात ढकललं. रात्रीच्या खुनात कुणाला काही दिसलं नाही असं म्हणता येतं. दुपारच्या खुनात 'तेव्हा तुम्ही सगळे कुठे होता?' हा प्रश्न उरतो. गोष्ट अमावास्येला नेली की तो प्रश्न मिटतो.

दुसरी भानगड 'ध चा मा'. ही गोष्ट आपल्या सगळ्यांना शाळेपासून पाठ. राघोबानं लिहिलं 'धरावे', आनंदीबाईनं खोडून केलं 'मारावे'. ही कथा ग्रँट डफकडेही आहे. १९०९ मध्ये खाडिलकरांचं 'भाऊबंदकी' नाटक आलं आणि आनंदीबाई कायमची खलनायिका झाली. पण ज्या कागदावर हा ध खोडलाय, तो कागद आज कुणालाही दाखवता येत नाही. मग ठोस काय उरतं? रामशास्त्री प्रभुण्यांची चौकशी. पेशव्यांचा हा न्यायाधीश. त्यानं तपास केला, दोषी निघाले ते पन्नासच्या आसपास. एक बाई आणि एक अक्षर नव्हे, पन्नास माणसं. आणि सगळ्यांच्या वर राघोबा, जो तोवर स्वतः पेशवा झाला होता. रामशास्त्र्यानं त्याला तोंडावर सांगितलं, की या पापाला देहांताशिवाय प्रायश्चित्त नाही. आणि नोकरी सोडून पुण्यातून निघून गेला.

विचार करा, सत्तेवर बसलेल्या माणसाला हे सांगायचं आणि राजीनामा द्यायचा. प्रभातनं १९४४ मध्ये त्याच्यावर सिनेमा काढला तो उगाच नाही. पण घोस्ट वॉकमध्ये रामशास्त्र्याचं नावसुद्धा आलं नाही. बरोबर आहे, तो भूत झालाच नाही ना.

तर आता पब.

रिक्षा करून सगळे कॅम्पात. पहिल्या पबच्या दारात राखणदारानं ओळखपत्रं मागितली. आमच्या धाकट्यानं ऐटीत मोबाइलवर आधार दाखवलं. राखणदारानं बघितलं आणि शांतपणे म्हणाला, "एकवीस पूर्ण पाहिजे, बेटा."

महाराष्ट्रात बिअरला एकवीस, कडक दारूला पंचवीस. धाकट्याचा चेहरा पडला. मी म्हटलं, चल, आपण दोघं बाहेर. माझी फुकटची बिअर गेली, पण त्याला एकटं फुटपाथवर सोडून आत बसणं काही बरं दिसलं नसतं. आम्ही जवळच्या इराण्याकडे गेलो. बन-मस्का, दोन चहा.

चहा येईपर्यंत तो म्हणाला, "दादा, म्हणजे त्या नारायणरावालापण बिअर मिळाली नसती."

मी हसलो. पण खरंय. आजच्या कायद्यानं ज्याला बिअरचा ग्लास धरता आला नसता, त्याच्या हातात तेव्हा राज्य होतं. तसं पेशव्यांच्या पुण्यात त्याला दारू मिळाली नसतीच, कारण पेशवाईत दारूवर बंदी होती. गंमत म्हणजे त्यातही सूट होती. तोफखान्यात ख्रिस्ती गोलंदाज असत, त्यांना त्यांच्यापुरती मोकळीक दिलेली होती. म्हणजे कामाचा माणूस असेल तर नियम वाकतो, हे पुण्याला फार आधीपासून ठाऊक आहे. आज आपण ज्याला 'परमिट रूम' म्हणतो, ते नावही असंच आलंय. १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा. त्या कायद्यानुसार महाराष्ट्रात प्यायला अजूनही परवाना लागतो. आतमध्ये बसलेल्या आमच्या ग्रुपमधल्या कितीजणांच्या खिशात तो होता, हे मी विचारलं नाही. तुम्हीही स्वतःला विचारून बघा.

इराण्याकडे बसून आम्ही अजून एक गोष्ट शोधली. या घोस्ट वॉकची कल्पना आली कुठून? इंग्लंडातल्या यॉर्क शहरात १९७३ पासून असा वॉक चालतो, आणि जगातला पहिला आमचाच, असं ते म्हणतात. १९७३. नारायणरावाच्या खुनाला तेव्हा दोनशे वर्षं झाली होती. लंडनमध्ये तर रोज संध्याकाळी 'जॅक द रिपर'चे वॉक निघतात. १८८८ मध्ये त्यानं पाच बायकांचा खून केला असं मानतात. तो कोण हे आजतागायत कळलेलं नाही, तरी त्याचं नाव तुम्हाला माहिती आहे. त्या पाचजणींची नावं माहिती आहेत? मेरी ॲन निकोल्स, ॲनी चॅपमन, एलिझाबेथ स्ट्राइड, कॅथरिन एडोज, मेरी जेन केली. २०१५ मध्ये लंडनमध्ये, बायकांच्या इतिहासाचं म्युझियम काढतो म्हणून परवानगी घेतलेल्या जागेत रिपरचं म्युझियम उघडलं, तेव्हा लोक रस्त्यावर आले होते. २०१९ मध्ये हॅली रूबेनहोल्ड या लेखिकेनं पुस्तक लिहिलं ते फक्त या पाचजणींच्या जगण्यावर, खुनावर नव्हे.

मला शनिवारवाड्यातल्या त्या दोन दासी आठवल्या. गाइडनं त्यांचा उल्लेख केला नाही, आणि खरं सांगायचं तर मलाही त्यांची नावं सांगता येणार नाहीत. भूत व्हायलासुद्धा पेशवा असावं लागतं.

धाकट्यानं मग जो प्रश्न विचारला, त्याच्यामुळे हा भाग बनला. "मग दादा, काकाचं काय झालं?"

हा खरा प्रश्न. आणि याचं उत्तर शनिवारवाड्यात मिळत नाही. त्यासाठी पुढच्या रविवारी आम्ही दापोडीहून लोणावळा लोकल पकडली आणि वडगावला उतरलो. वडगाव मावळ. चाकण-तळेगावला कामाला जाणारे तुमच्यातले कितीतरी जण हे गाव रोज ओलांडतात.

झालं काय, तर नारायणरावाची बायको गंगाबाई गरोदर होती. नाना फडणवीस, सखारामबापू वगैरे कारभाऱ्यांनी, ज्यांना आपण बारभाई म्हणतो, तिला पुरंदरावर नेलं. १८ एप्रिल १७७४ ला मुलगा झाला, सवाई माधवराव. चाळीस दिवसांचं पोर पेशवा झालं, आणि राघोबाचं आसन गेलं. राघोबा थेट इंग्रजांच्या दारात. ६ मार्च १७७५ ला सुरतेचा तह. मला पेशवा करा, बदल्यात मुलूख घ्या.

त्याला गादीवर बसवायला मुंबईहून इंग्रज फौज निघाली. चार हजारांच्या आत माणसं आणि सामान ओढायला एकोणीस हजार बैल. बोरघाट चढून ही वरात मुंगीच्या पावलानं पुढे सरकली. हिंजवडीचं ट्रॅफिक तुम्हाला हळू वाटतं? ४ जानेवारी १७७९ ला कार्ल्यापाशी त्यांचा कॅप्टन स्टुअर्ट पडला. झाडावर चढून टेहळणी करताना तोफेचा गोळा लागला, असं सांगतात. ९ तारखेला ते तळेगावला पोचले, तर पुढचा मुलूख मराठ्यांनी ओसाड करून ठेवलेला. दाणा नाही, वैरण नाही. ११ च्या रात्री तोफा तळ्यात ढकलून माघार. वडगावला महादजी शिंद्यांच्या फौजेनं कोंडी केली, आणि १६ जानेवारीला इंग्रजांनी तह लिहून दिला. मुंबईच्या वरिष्ठांनी तो पुढे मानला नाही, आणि युद्ध सालबाईच्या तहापर्यंत, १७८२ पर्यंत चाललं.

वडगावात विजयस्तंभ आहे, आणि पोलीस ठाण्याच्या आवारात त्या स्टुअर्टची समाधी आहे. लोक त्याला म्हणतात 'इष्टूर फाकडा'. फाकडा म्हणजे शूर, रुबाबदार गडी. आपल्यावर चालून आलेल्या माणसाला ही पदवी दिली, आणि लोक तिथे फुलं वाहतात. इथे कुणी कंदील घेऊन ओरडत नव्हतं. एक काका आले, चपला काढल्या, नमस्कार केला आणि कामाला गेले. धाकटा माझ्या कानात म्हणाला, "भूत ठेवायचं तर असं ठेवावं."

परतीच्या लोकलमध्ये मी त्याला शेवटचा दुवा सांगितला. राघोबा १७८३ मध्ये गेला. पण त्याचा आणि आनंदीबाईचा मुलगा पुढे पेशवा झालाच. दुसरा बाजीराव. शेवटचा पेशवा. ५ नोव्हेंबर १८१७ ला खडकीच्या लढाईत त्याची फौज हरली. आणि त्या दिवशी दापोडीला पेशव्याच्याच पैशानं उभी केलेली एक कवायती पलटण होती, कॅप्टन फोर्डची. ती नदी ओलांडून इंग्रजांना जाऊन मिळाली. पगार पेशव्याचा, तलवार दुसऱ्याची. १७७३ च्या गारद्यांची गोष्ट चव्वेचाळीस वर्षांनी पुन्हा, आमच्या सांगवीच्या पलीकडे, मुळा-पवनेच्या संगमाशेजारी. बारा दिवसांनी, १७ नोव्हेंबरला, शनिवारवाड्यावर इंग्रजांचं निशाण चढलं. आणि १८२८ च्या फेब्रुवारीत वाडा जळाला.

म्हणजे काकाच्या महालात एका दुपारी जे झालं, त्याची रेघ कार्ल्याहून तळेगाव, वडगाव, दापोडी, खडकी अशी निघते. आपली लोकलची लाइन आणि ही रेघ जवळजवळ एकच आहे. खडकीच्या पराभवाला हा एकच खून कारण झाला असं मी म्हणत नाही, मधे खूप काही घडलं. पण घरातलं भांडण बाहेरच्याला मध्यस्थ करून सोडवायची वाट त्या दुपारनंतर उघडली, आणि त्या वाटेनं बाहेरचा आला तो राहायलाच.

तुम्ही विचाराल, मग घोस्ट वॉकला जायचं की नाही? जा ना. मीही परत जाईन. त्या गाइडवर माझा राग नाही. त्याच्या एका आरोळीनं माझ्या भावानं प्रश्न विचारला, शाळेच्या पुस्तकाला तेही जमलं नव्हतं. फक्त नारायण दरवाज्यापाशी 'काका मला वाचवा' ऐकून हसू आलं, तर हसून झाल्यावर एक करा. घरातलं किंवा ओळखीतलं अठरा वर्षांचं एक पोर आठवा. ज्याला अजून पबमध्ये सोडत नाहीत. त्याला त्या जिन्यावरून धावताना बघा. आणि त्याच्या अंगावर पडलेला चापाजीही बघा.

आमचा धाकटा आता मला दर शनिवारी विचारतो, "दादा, पुढचा वॉक कधी?" मी सांगितलंय, तू एकवीसचा झालास की पबसकट. तोपर्यंत इराणी.

चला, थांबतो. तुमच्या गावात असं एखादं 'भूत' असेल, ज्याची तारीख, वार आणि वय कुणी कधी तपासलं नाही, तर व्हॉइस नोट पाठवा. तपासून बघू. भेटू पुढच्या भागात. काळजी घ्या, आणि अलर्ट आला तर जेवण थोडं उशिरा झालं तरी चालेल.